हरलेल्या कुस्तीची चाचणी

वैजयंताने मंजुरीचा शिक्का परत पिशवीत टाकला. "आबा, घरगुती काळयंत्राची चाचणी आनंदाच्या क्षणावरच घ्यायची, असा नियम आहे. दुःखात मागे गेलेला माणूस तिथेच अडकतो. आणि तुम्ही हरलेली कुस्ती सांगताय!"

"बाई, बघा तर खरं," म्हणत म्हाताऱ्या पैलवानाने कळ दाबली.

खोलीत पन्नास वर्षांपूर्वीची जत्रा उभी राहिली. लाल मातीत तरणाबांड पैलवान चारी मुंड्या चीत पडला होता आणि गर्दीतली एक मुलगी पोट धरून हसत होती. पैलवान उठायचं सोडून तिच्याकडेच बघत राहिला.

"इश्श, परक्या बाईंसमोर काय हे!" चहा घेऊन आलेल्या आजी म्हणाल्या आणि अगदी तश्शाच हसल्या.

वैजयंताने शिक्का मारला. "आता पुन्हा एकदा लावा, आबा. नियमात बसत नाही, पण लावा."