मार्थाचं सुतक

रेडिओवरच्या रोजच्या मालिकेत वर्षानुवर्षं मी मार्थाचं काम करत होते. मी कम्युनिस्ट असल्याचं कुणीतरी वॉशिंग्टनच्या चौकशी समितीला सांगितलं, जाहिरात देणारी साबणकंपनी घाबरली, आणि सोमवारच्या भागात मार्थाला मोटारीखाली चिरडून टाकलं.

आमच्या गल्लीत सुतकच पडलं. हल्ली मला बघून दार लावून घेणारी शेजारीण व्हर्ना रडून डोळे सुजवून, हातात मॅकरोनीचं गरम भांडं घेऊन निघाली होती.

"व्हर्ना, अगं, मार्था म्हणजे मीच ना!"

"तिचं नाव तुझ्या तोंडी नको. सोन्यासारखी बाई गेली, आणि तुझ्यासारख्या लाल बावट्यावाल्या अवदसा मागे राहिल्या!"

"मग हे कुणाला?"

"तिच्या नवऱ्याला. एकटा पडला बिचारा. कधी स्वयंपाकघरात पाऊल टाकलंय का त्याने?"

कोपऱ्यावरच्या घरात क्लिफर्ड राहायचा, मालिकेतला माझा नवरा. त्याच्या दारात भांडी घेऊन बायकांची रांग लागली होती, आणि तो डोळे पुसत एकेक भांडं आत घेत होता.



समितीपुढे माझं नाव सांगतानाही तो असेच डोळे पुसत होता.