सभागृहाखालची खुर्ची

“पायरीवर पाय ठेवशील तर याद राख!” ग्रांचा काका खुर्चीतून ओरडला. खुर्चीतून उठला मात्र नाही.

साफ्ता नगरपालिकेच्या जिन्यापाशी उभी होती. वरच्या मजल्यावर सभागृह, त्यात तिची जागा. या रोमानियन गावात नगरसेविका झालेली ती पहिली रोमा बाई; गावकरी रोमांना जिप्सी म्हणत. आणि सभागृहाच्या बरोबर खाली, दार सताड उघडं टाकून, रोमा वस्तीचा मुखिया ग्रांचा काका कॉफी पीत बसला होता.

वस्तीचा नियम आहे. बाईचा घागरा पुरुषाच्या डोक्यावरून जायचा नाही. बाई माळ्यावर चढली आणि खाली पुरुष असला, की तो बाटला. मग त्याच्या ताटाला ताट कुणी लावत नाही, मुखिया असला तरी. बाईनं घाणेरड्या ओढ्याचं पाणी प्यायलं तर कुणी बाटत नाही. ते नियमात बसतं.

नगराध्यक्ष तुदोसेला हा नियम निवडणुकीनंतर कळला. एरवी रोमा माणसाशी हात मिळवला की हा रुमालाला हात पुसायचा. पण आता त्यानं सभागृहाखालच्या अडगळीच्या खोलीला रंग दिला, मखमली खुर्ची टाकली, दारावर ‘रोमा सल्लागार’ अशी पाटी ठोकली आणि काकाला आणून बसवलं. काम एकच. वर सभा असली की खाली बसायचं. काका हरखून गेला. आजवर त्याला नगरपालिकेत कुणी ‘बसा’सुद्धा म्हटलं नव्हतं.

तेव्हापासून साफ्ता एकाही सभेत पोचली नव्हती. आज मात्र पाण्याचं मतदान होतं. पाइप एकच. तो वस्तीत न्यायचा की चौकातल्या नव्या कारंज्याला जोडायचा? साफ्ताच्या एका मतावर अडलं होतं. कत्तलखान्याची घाण ज्या ओढ्यात सुटते, त्याच ओढ्याचं पाणी वस्ती पीत होती. तिची धाकटी पोर त्या पाण्यानं अजून अंथरुणात होती.

“काका, घटकाभर अंगणात जा ना. बाकीचे बाप्ये तिथंच थांबलेत.”

“उठलो की खुर्ची गेली. तू घरी जाऊन चुलीवरचा मक्याचा मामालिगा ढवळ. राजकारण करतेय!”

तुदोसे वरच्या कठड्यावरून वाकला. “साफ्ताबाई, आम्ही तुमच्या संस्कृतीचा फार आदर करतो हं. जबरदस्ती अजिबात नाही. फक्त लवकर ठरवा, कारंज्यावाला खोळंबलाय.”

साफ्तानं दोन्ही हातांनी घागरा सावरला.

“काका, मी चालले वर. खाली कोण आहे, ते तुमचं तुम्ही ठरवा.”

ती टाचा आपटत चढली. वरून चुन्याचे पोपडे काकाच्या कॉफीत पडले. थोड्याच वेळात मतदान झालं. कारंजं हरलं, वस्ती जिंकली.

तुदोसे लालबुंद होऊन खाली धावला. मागोमाग साफ्ता उतरली. त्यानं अंगणातल्या रोमा पुरुषांना दारात बोलावलं.

“बघा, बघा! तुमच्या बाईनं तुमचा मुखिया बाटवला! वाळीत टाका हिला! राजीनामा घ्या! सांगा हो सल्लागार, तुम्हीच सांगा!”

पुरुष उंबऱ्यात थबकले. सगळे काकाकडे बघायला लागले. काका त्यांच्याकडे. आज हो म्हटलं, तर उद्या यांच्या पंगतीत त्याला जागा नव्हती. त्यानं मिशीतला चुना झटकला.

“मी इथं नव्हतोच.”

“काय?”

“सकाळपासून मी अंगणात आहे,” मांडीवर मांडी टाकत काका म्हणाला.

“अंगणातच होता,” पुरुष लगबगीनं म्हणाले. “आमच्यातच बसून तंबाखू ओढत होता.”

“अरे, तू माझ्यासमोर बसलायस!” तुदोसेनं खुर्ची धरून गदागदा हलवली. खुर्चीबरोबर काकाही हलला. “मग या खुर्चीत कोण आहे?”

“कुणी नाही. इथं कुणाला बसताच येत नाही, तुदोसे,” काका म्हणाला. “वर आमची नगरसेविका असते.”