पहारीचा आवाज

“देवमासे यंदा वेळेत खाडी सोडायचे नाहीत, पोरी. तुझ्या वन्यजीव ऑफिसला कळव,” असं मालायाचा सासरा नुताराक सप्टेंबरातच म्हणाला होता.

“आबा, वीस वर्षांच्या नोंदी आहेत माझ्याकडे. ऑक्टोबर अर्धा झाला की जातात ते.”

“मग नोंदी वाऱ्याला दाखव,” म्हातारा म्हणाला होता आणि चहा अर्धाच टाकून उठला होता.

वारा पडला. खाडीचं तोंड गोठलं आणि चाळीसेक नारव्हाल देवमासे आतच राहिले. आता त्यांना श्वासासाठी उरलं होतं ते बर्फातलं एकच भोक, मालायाच्या स्वयंपाकघराएवढं.

त्याच स्वयंपाकघरात ती उभी होती. पाठीवर, कोटाच्या रुंद टोपीत, आठ महिन्यांचं पोर. दुपारचे दोन वाजले होते आणि ध्रुवाजवळच्या त्या हिवाळ्यात खिडकीत जेमतेम निळसर उजेड होता. फ्रिजवरच्या वायरलेसमधून श्वास येत होते. एक मोठा, फुस्स. त्याला चिकटून एक इवलासा, फुक.

“ऐका सासूबाई, आई आणि पिल्लू,” ती पाठीमागे म्हणाली.

पोर मुलगा होता, पण नाव गेलेल्या आजीचं होतं, आणि तिथल्या रीतीने नावाबरोबर नातंही येई. म्हणून मालाया त्याला सासूबाई म्हणे आणि नुताराक बायको. रोज सकाळी भोकाशी जाऊन तो आपल्या वायरलेसचं बोलायचं बटण कातडी पट्ट्याने आवळून बांधी, म्हणजे दोन्ही हात पहारीला मोकळे. मग बायकोसोबत सगळं गाव ऐके. श्वास, आणि मधे मधे कडेचा बर्फ फोडणारी पहार, ठक्, ठक्. भोक मिटता कामा नये. त्यांना मारायचा शिकाऱ्यांचा परवाना शनिवारी यायचा होता. “मरणार तर आहेतच,” तो म्हणे, “पण श्वास कोंडून मेलेलं मांस कुणाच्या घशाखाली उतरेल?” शेवटी तो “बस, बायको, आता जेव,” म्हणे आणि पट्टा सोडी.

आज पट्टा सुटायची वेळ केव्हाच टळली होती. पहार ऐकू येत नव्हती.

मालायाने शेजारच्या ऊलीला फोन लावला.

“ऊली, आबा काही बोलले का गं मघाशी? मी पोराला अंघोळ घालत होते.”

“तुझी सासू झोपली नाही का अजून? ऐकू दे की तिला. म्हातारा लाडात आलाय आज.”

“पहार वाजत नाहीये.”

“दमला असेल. सत्तरी उलटली त्याची. अगं, रेडिओवर बिंगो चाललाय, दोन आकडे राहिलेत माझे. ठेव आता!”

तिने फोन ठेवला आणि वायरलेसला कान लावला. फुस्स. फुक. पण आता प्रत्येक श्वासाच्या आधी एक बारीक करकर होती, पातळ काच तडकावी तशी. पाण्यावर बर्फाची साय धरली होती. देवमासे डोक्याने ती फोडून वर येत होते. भोकाशी पहार घेऊन उभा असलेला माणूस एवढी साय धरूच देत नाही.

तिने आपल्या वायरलेसचं बटण दाबलं. “आबा? आबा, बोला.” उपयोग नव्हता. त्याच्याकडचं बटण बांधलेलं असेतो त्याला कुणाचंच ऐकू जाणार नव्हतं. तिला सगळं ऐकू येत होतं आणि एक शब्द पोचवता येत नव्हता.

नवरा खाणीवर, अजून नऊ दिवस. घरची स्नोमोबाईल म्हाताऱ्याकडे. भोक बारा किलोमीटरवर. तिने बूट चढवले, दाराशी गेली, पाठीवर पोर उचकी देऊन हललं, आणि ती परत फिरली.

करकर. फुस्स. फुक. मोठी मादी एका दमात पंचवीस मिनिटं खाली राहते, हे मालाया कॉलेजात शिकली होती. खाडीच्या तोंडापलीकडचं मोकळं पाणी तिला गाठताही आलं असतं. पिल्लाचा दम तेवढा नव्हता. म्हणून ती दर चार मिनिटांनी त्याच्याबरोबर वर येत होती, त्याच भोकात.

मालायाने गावच्या रेडिओ केंद्राचा नंबर फिरवला. बिंगोमुळे लाईन लागेना. पुन्हा फिरवला. पुन्हा. दहाव्यांदा लागला.

“बिंगो!” निवेदक जोआनासी ओरडला. “मालाया बोलतेय, मंडळी! आमच्या ऑफिसवालीला आकडे बरोबर लागतात! वाच बाई, वाच.”

“बिंगो नाही, जोआनासी. लोकांना ऐकू जातंय ना मी बोलते ते?”

“सगळं गाव ऐकतंय. काय झालं?”

पाठीवर पोर जागं होतं, तिच्या मानेवर त्याचा गरम श्वास लागत होता.

“आबांनी सप्टेंबरात सांगितलं होतं, मी ऐकलं नाही. आता तुम्ही ऐका. हातातले आकडे ठेवा. तुमच्या फ्रिजवरचा वायरलेस मोठा करा. त्यात पहार वाजत नाहीये. पिल्लू श्वास घेतंय, ते मला ऐकू येतंय. तुमच्यातलं जे कुणी खाडीच्या जवळ असेल, ज्याची गाडी चालू असेल, त्याने जा. आबा घेतायत का श्वास, तेवढं बघा.”