पसाऱ्याचं माप

कणकण सरकवत, फोटो काढत करायच्या बाहुल्यांच्या सिनेमासाठी तिने पाच महिने खपून हातभर लांबीचं स्वयंपाकघर उभं केलं होतं. नखाएवढ्या कपबश्या, काडीएवढे चमचे, सगळं तिच्या हातचं. दिग्दर्शकाने वाकून पाहिलं.

"ताई, सुरेख झालंय. पण इथे लहान मूल राहतं असं वाटत नाही हो. पसारा कुठाय?"

"पसारा होय? आमच्या घरी पैशाला पासरी मिळतो. आत्ता जाऊन मापं घेऊन येते."

घरी फोन करून ती निघाली. इतक्या महिन्यांत पहिल्यांदाच दिवसाउजेडी. पाठ भरून आली होती, पण डोक्यात कोचाखालचे खडू आणि खुर्चीवरचा एकुलता एक मोजा घोळत होते. पर्समधून वही, फुटपट्टी काढतच ती आत शिरली.

घर लख्ख होतं. चादरीवर सुरकुतीसुद्धा नव्हती. सासूबाई कंबर धरून बसल्या होत्या.

"अगं, हे कुणी आवरलं?" तिने लेकीला विचारलं.

"मी आणि आजीने!" लेक धापा टाकत म्हणाली. "तू येणार म्हणालीस ना! कुणी येणार असलं की आम्ही आवरतो."