सोळावं रीळ

"उद्या अकरा वाजता आम्ही रजिस्ट्रारकडे लग्नाच्या सह्या करणार आहोत, बाबा. तुम्ही या."

मुलगी प्रोजेक्शन केबिनच्या दारात उभी होती. अंगावर नर्सचा पांढरा गणवेश, हाताशी जेवणाच्या सुट्टीतला अर्धा तास. अकरावं रीळ चालू होतं.

तिचे बाबा डाव्या मशीनवरचे ऑपरेटर. थिएटरातले सगळे त्यांना डावे म्हणत. उजव्या मशीनवरचे ते उजवे. मुलगी ज्याच्याबरोबर सह्या करणार होती, तो उजव्यांचा मुलगा. उजवे दोन हातांवर पाठमोरे उभे राहून बारावं रीळ मशीनमध्ये ओवत होते आणि काही ऐकू येत नसल्याचा अभिनय करत होते. अभिनय वाईट होता. एवढ्याशा खोलीत माणूस कान कुठे ठेवणार?

एके काळी हे दोघे एका ताटात जेवणारे. अठरा वर्षांपूर्वी उजव्यांच्या धाकट्या भावाने डाव्यांच्या बहिणीशी ठरलेलं लग्न आठ दिवस आधी मोडलं. बहिणीचं पुढे दुसरीकडे लग्न झालं, तीन मुलं झाली, ती सगळं विसरूनही गेली. विसरले नाहीत ते हे दोघे. तेव्हापासून त्यांच्यात चकार शब्द नाही. एकानेही रजा घेतली नव्हती. आपल्यावाचून चालतं, हे दुसऱ्याला दिसायला नको.

काम मात्र चोख. विषम रिळं डाव्यांची, सम उजव्यांची. एकाचं रीळ संपत आलं की पडद्याच्या कोपऱ्यात ठिपका येतो. त्या ठिपक्यावर दुसऱ्याने आपलं मशीन सुरू करायचं. त्यासाठी बोलावं लागत नाही, म्हणून तर निभत होतं. बाकी नियम कडक. ज्याचं रीळ चालू, त्याचा पडदा. दुसऱ्याने आपल्या खिडकीतून बघायचं ते ठिपक्यापुरतं. हा नियम कोणी केला नव्हता आणि कोणी मोडलाही नव्हता. त्यामुळे अठरा वर्षांत दोघांनी प्रत्येक सिनेमा निम्माच पाहिला होता. शेवटचं रीळ सम असलं, तर डाव्यांना शेवट ठाऊक नसे.

सध्याच्या सिनेमाचा आठवा आठवडा होता. दोन घरांचं हाडवैर आणि त्यात सापडलेले दोन जीव. मशीनच्या घरघरीत संवाद ऐकू यायचे नाहीत, पण डाव्यांना कथा पाठ होती; म्हणजे त्यांच्या वाटणीची. सातव्या रिळात मुलीचा बाप मुलाच्या कानफटात मारतो. तेराव्यात बाप घराचं दार लावून घेतो. पंधराव्यात अनवाणी धावत सुटतो. पुढचं सांगायला ज्योतिषी कशाला हवा? लोक डोळे पुसत बाहेर पडतात, म्हणजे लग्न लागलंच असणार.

"असली नाटकं सिनेमात शोभतात," डावे मुलीला म्हणाले. "उद्या तिकडे गेलीस, तर पुन्हा आपल्या घराची पायरी चढू नकोस."

मुलगी रडली नाही. "सिनेमात शेवटी काय होतं, ते पाहिलंय तुम्ही?"

"त्यात बघायचंय काय? मिठ्या मारतात."

"मारतात," ती म्हणाली. "एकदा बघा."

मग उजव्यांच्या पाठीला "येते, काका" म्हणून ती जिना उतरली. ठिपका आला. उजव्यांनी बारावं रीळ सुरू केलं.

डाव्यांना राग आला होता आणि त्याहून जास्त भीती वाटत होती. एकुलती एक मुलगी, आणि स्वभावाने बापावर गेलेली. गेली म्हणजे परत यायची नाही, हे त्यांना स्वतःवरूनच कळत होतं. तरी तेरावं रीळ त्यांनी ठिपक्यावर सुरू केलं आणि पंधरावंही. हात आपलं काम करत राहिले.

पंधरावं संपलं. उजव्यांचं सोळावं सुरू झालं. एरवी या वेळी डावे शेजारच्या खोलीत जाऊन आपलं रीळ उलटं गुंडाळत. आज त्यांनी रीळ उचललं, परत ठेवलं आणि ते आपल्या खिडकीशी जाऊन उभे राहिले. उजव्यांनी ते पाहिलं.

पडद्यावर मुलीचा बाप धावत नदीवर पोचला. मुलगा आणि मुलगी चोरून पलीकडे जायला निघाली होती आणि पुरात त्यांची नाव उलटली होती. मुलाचा बाप आधीच कमरेइतक्या पाण्यात उभा होता. मुलीचा बाप तसाच पाण्यात शिरला. दोघांनी एकमेकांना मिठी मारली. ती सुटेना. सोडून घरी जायचं तर कोणासाठी, हे दोघांनाही कळत नव्हतं.

पडदा पांढरा झाला. खाली खुर्च्या वाजल्या.

"दोघंही जातात?" डाव्यांनी विचारलं. अठरा वर्षांतलं हे पहिलं वाक्य. ते अडखळत आलं.

"दोघंही."

"म्हणून तू पोराला हो म्हणालास?"

"पहिल्याच आठवड्यात," उजवे म्हणाले. "मला हे दिवसातून चारदा बघावं लागतं."

डावे आपल्या मशीनपाशी गेले. त्यांनी रुमालाने लेन्स पुसली, मग तोंड पुसलं, मग पुन्हा लेन्स पुसली.

"मग उद्या सकाळचा खेळ चालवणार कोण?"