आयता बंगला

बाबा गेल्यापासून आई घुम्यासारखी बसायची, म्हणून लेकीने तिला लॅपटॉपवरच्या गेममध्ये संसार थाटून दिला. आयता बंगला डाउनलोड करून मोकळ्या माळावर बसवला, आत एक आई आणि एक बाबा सोडले.

"हे कुठले तुझे बाबा! काही जमले नाहीत," आई म्हणाली. "आणि शेजारी घर मात्र नको हं."

पण एवढ्या माळावर दोघांना करमणार कसं? लेकीने गुपचूप शेजारचं घरही डाउनलोड केलं, हसऱ्या शेजारणीसकट. "आता नुसती बघत बस, माणसं आपली आपणच वागतात," म्हणत ती चहा टाकायला गेली.

परतली तेव्हा गेममधली आई एकटीच भांडी घासत होती आणि बाबा शेजारणीच्या सोफ्यावर तिला खेटून बसले होते.



"आता जमले हो," आई म्हणाली, "अगदी हुबेहूब तुझे बाबा."