तिसरं मशीन

"हेही मशीन खोटं बोलतंय!" मुलीचा बाप गरजला.

स्क्रीनवर छातीचे ठोके नाचत होते. एकशे अडतीस. आठ वर्षांची मुलगी मात्र खुर्चीत पुतळ्यासारखी बसली होती, दोन्ही हात गुडघ्यांवर. शाळेने लिहून दिलं होतं, फळ्यासमोर उभी केली की पाढे विसरते, मेंदूत दोष दिसतो. बापाला गोळ्या हव्या होत्या. डॉक्टरबाईंनी चिठ्ठी लिहूनही ठेवली होती. फक्त मुलगी शांत असतानाचा एक आकडा हवा होता, आणि तोच मिळेना.

आधीची दोन मशीनं भंगारात निघाली होती. दुसरं नर्सने स्वतःला लावून पाहिलं, तर चौऱ्याहत्तर. म्हणजे मशीन नर्सला घाबरतं, असं निदान झालं.

"दोन थपडा द्या त्याला," बाप म्हणाला. "आमच्या घरात सगळं असंच सरळ होतं."

नर्स हसली. अशा वाक्याला लोक हसतातच.

शेवटी मेकॅनिक आला. पन्नाशी उलटलेला, चष्म्याच्या काडीला चिकटपट्टी. पडताळणीसाठी त्याने आणखी एक मशीन मागवलं आणि त्याचा पट्टा स्वतःच्या छातीला बांधला. बहात्तर. शेजारच्या स्क्रीनवर मुलगी, एकशे चाळीस.

"मशीन ठणठणीत आहे, साहेब."

"मग सेटिंग बदला त्याचं!"

"सेटिंग कंपनीतच होतं. नवं कोरं असताना जे बसलं ते बसलं. नंतर बदलायचं म्हटलं तर फार जीव खातं."

तेवढ्यात बापाचा फोन वाजला. कोणाचा तरी उद्धार करत तो बाहेर, पार कॉरिडॉरच्या टोकाला गेला. मेकॅनिक छातीचा पट्टा तसाच ठेवून पिशवीत पेचकस शोधू लागला. मुलीचा आकडा उतरला. एकशे दहा. पंच्याण्णव. अठ्ठ्याऐंशी. मुलीचे पाय खुर्चीखाली हलायला लागले. मग ती स्वतःशीच पुटपुटली, "सात पंचे पस्तीस, सात सक बेचाळीस, साती साती एकोणपन्नास, सात आठे..."

थांबली. आकडा चढायला लागला. डॉक्टरबाईंनी कान टवकारले. पंख्याची घरघर, बाकी काही नाही. बऱ्याच वेळाने बुटांचा आवाज आला.

"झालं का सरळ?" आत येता येताच बापाने मशीनला सणसणीत थप्पड हाणली.

दोन्ही मशीनं एकदम कोकलली.

मुलगी हलली नाही. एकशे बावन्न. मेकॅनिकही हलला नाही. हातात पेचकस, मान खांद्यांत गेलेली, नजर फरशीवर. एकशे सत्तेचाळीस. त्याच्या वडिलांना जाऊन एकोणीस वर्षं झाली होती.

डॉक्टरबाईंनी एक स्क्रीन पाहिली. दुसरी पाहिली. मग स्वतःच्याच हाताने लिहिलेली चिठ्ठी टराटरा फाडली.

"साहेब, बाहेर व्हा."

"अहो, पण बिघाड कुठंय ते तरी..."

"सापडला. चला, बाहेर!"

दार आपटलं. खोलीत नुसती दोन मशीनं बोंबलत राहिली. मुलीने मेकॅनिकच्या स्क्रीनकडे नीट निरखून पाहिलं, मग त्याच्याकडे. आणि हळूच, बाहेर ऐकू जाणार नाही अशा बेताने विचारलं,

"काका, तुमचेपण बाबा आलेत?"